मिथिंक्सवाले बोरसे सर

बोरसे सरांचं इंग्रजी 'एल' या अक्षरापासून सुरू व्हायचं. हे मी थट्टेनं म्हणत नाही. म्हणजे थोडं थट्टेनंच म्हणते, पण आहे खरं. बी.एड. करताना धुळ्याला पाच कंदील चौकाजवळ रद्दीच्या हातगाडीवर त्यांना एक जाडजूड जुना इंग्रजी शब्दकोश मिळाला होता. पुठ्ठा गेलेला, आणि ए पासून के पर्यंतचा सगळा माल भेळवाल्याच्या पुड्यांत खपलेला. उरलं होतं ते एलच्या मधूनच पुढं. सरांनी तो अर्धा ग्रंथ पिशवीत घालून घरी आणला आणि नोकरीची सगळी वर्षं तेवढ्यावर काढली.

शाळेच्या कपाटात अख्खा शब्दकोश होता. मी एकदा तो काढून त्यांच्यापुढे ठेवला, तर त्यांनी तो दोन बोटांनी परत सरकवला. म्हणाले, "पहिला अर्धा सगळ्यांनाच येतो हो मॅडम. ए फॉर ॲपलपासून लोक सुरू करतात आणि केपर्यंत येता येता दमतात. पुढं कोणी जातच नाही. आपण तिथून धरायचं."

आमची शाळा अमळनेर आणि धरणगाव यांच्या मधल्या एका गावात आहे. तीन बाजूंना कपाशी आणि चौथ्या बाजूला एसटीचा रस्ता. मी तिथे गणित शिकवते. माहेर रावेरकडचं, केळीच्या बागांतलं, त्यामुळे इथली अहिराणी मला पहिली दोन वर्षं कळायचीच नाही. पोरं माझ्यासमोर माझ्याबद्दल बोलत आणि मी कौतुकानं हसत असे. 'शे' म्हणजे 'आहे' आणि 'बठ्ठा' म्हणजे 'सगळा' हे मला बोरसे सरांनी सांगितलं, आणि त्यानंतर पोरांची मजा संपली.

सर उंच, काटकुळे. पांढरा हाफ शर्ट, खिशात पेन नाही पण खडूचे तुकडे, त्यामुळे खिसा कायम पिठाच्या गिरणीतून आल्यासारखा. पायात चामडी चप्पल. मुख्याध्यापकांनी बूट घालायचा हुकूम काढला तेव्हा सरांनी लेखी उत्तर दिलं होतं, की बूट घातल्यास लक्ष पायांकडे जाते व वर्गाचे नुकसान होते. मुख्याध्यापकांनी तो कागद फाइलला लावला आणि पुन्हा पायांकडे पाहिलं नाही. डब्यात रोज ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी आणि ठेचा. मी पोळी नेत असे, तर माझ्या डब्याकडे बघून म्हणत, "मॅडम, तुम्ही आजारी आहात का?"

आता तो शब्द. सरांच्या कोशात एल संपलं की एम लागायचं, आणि एमची बरीच पानं उलटल्यावर 'मिथिंक्स'. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, हा शब्द त्यांनीच जोडून केला असावा. निम्मा मराठी, निम्मा इंग्रजी. तसं नव्हतं. शब्द अस्सल इंग्रजी, पण फार जुना. तिकडच्या जुन्या नाटकांतून, कवितांतून सापडतो. आता कोणी वापरलाच तर गमतीनं वापरतात. अर्थ 'मला वाटतं'. भूतकाळ करायचा तर 'मिथॉट', मला वाटलं. सर सांगत, की यातलं थिंक हे आपल्या ओळखीचं विचार करणारं थिंक नव्हेच. जुन्या इंग्रजीत दोन वेगळी क्रियापदं होती, एक विचार करण्याचं आणि एक वाटण्याचं, आणि हे दुसऱ्याच्या वंशातलं. पुढं दोघांचे चेहरे सारखे झाले आणि वाटण्याचं ते मागे पडलं.

सरांना त्या शब्दात इंग्रज सापडला होता. वर्गात फळ्यावर तो लिहून, खाली एक रेघ ओढून ते पोरांना विचारत, "याले आपन काय म्हनतस?"

"माले वाटस!" वर्ग ओरडे.

"बराबर. यामाला 'मी' म्हंजे मी नही. 'माले'. ध्यानमा ठेवा." आणि मग माझ्याकडे वळून, कारण माझा वर्ग शेजारीच आणि भिंत अर्धीच, मराठीत म्हणत, "बघा मॅडम, इंग्रजसुद्धा आधी आपल्यासारखाच होता. त्यालाही वाटायचं. मग तो राज्य करायला निघाला आणि 'आय थिंक' म्हणायला लागला. वाटणारा माणूस राज्य करू शकत नाही."

मी त्यांना म्हटलं, "सर, हा शब्द इंग्लंडातसुद्धा कोणी बोलत नाही. मेलेला शब्द. पोरांना कशाला?"

"आपल्या गावात जिवंत इंग्रजीही कोणी बोलत नाही. मग मेलेल्यानं काय घोडं मारलं?"

मी आपली माझ्या समीकरणाकडे वळले.

या शब्दामुळे सरांनी जगातल्या माणसांचे दोन ढीग केले होते: ज्यांना वाटतं ते, आणि जे विचार करतात ते. पहिल्या ढिगातल्या लोकांशी त्यांचं जमे. एकदा शिक्षकांच्या बैठकीत मुख्याध्यापकांनी शाळेच्या पुढच्या मोकळ्या जागेत गुलमोहराऐवजी शोभेचे पाम लावायचं काढलं. बोरसे सर उभे राहिले. "एक विचारू का सर? तुम्ही हा विचार केलाय, की तुम्हाला वाटलंय?"

"काय फरक पडतो?"

"वाटलं असेल तर उद्या बदलेल. विचार केला असेल तर मग आम्हालाच पाणी घालावं लागेल."

पाम आले नाहीत. मुख्याध्यापक मात्र पुढचे दोन महिने 'मला वाटतं' हे शब्द तोंडातून निघणार नाहीत याची डोळ्यांत तेल घालून काळजी घेत होते.

बाजारातही तेच. हिवाळ्यात आमच्याकडे भरताच्या पार्ट्या होतात. शेतात जायचं, काट्याकुट्यांच्या जाळावर वांगी भाजायची, लाकडी बडगीत ठेचायची आणि पुऱ्यांबरोबर हाणायची. शाळेच्या पार्टीला वांगी आणायचं काम सरांकडे असे आणि त्यांच्याबरोबर जायचं पाप माझ्याकडे. वांग्यांच्या ढिगापुढे ते उभे राहत. हातात घेत, ठेवून देत, पुन्हा घेत. पाच मिनिटं, दहा मिनिटं. भाजीवाली अक्का शेवटी म्हणे, "आबा, वांगं लेतस का सोयरिक करतस?"

"आजून वाटनं नही, अक्का."

"तुम्हले वाटस तवलोंग मनं भरीत व्हई जाई!"

सर खूष. शाळेत येऊन वर्गाला सांगत, की आज बाजारात एक फार हुशार बाई भेटली. वांगी मात्र उत्तम निघत, हे कबूल करायला हवं.

शनिवारी सकाळची शाळा असते. दहावीचा शेवटचा तास सरांचा. त्या तासाला पुस्तक बंद. प्रत्येकानं उभं राहून एक वाक्य बोलायचं, सुरुवात मिथिंक्सनं करायची. नियम दोनच: वाक्य गाईडातलं नको आणि दुसऱ्याचं नको. चुकलं तर चालेल, पण वाटलेलं पाहिजे. अर्ध्या भिंतीपलीकडून मला सगळं ऐकू येई. मिथिंक्स द बेल इज लेट. मिथिंक्स माय बफेलो नोज मी. मिथिंक्स मॅथ्स मॅडम इज लिसनिंग. या शेवटच्या वाक्यावर मी खडू आपटला, तर पलीकडून सर म्हणाले, "पूर्ण मार्क!"

एक मुलगी होती, सोनाली. अक्षर मोत्यासारखं, तोंड शिवलेलं. तिच्या बापाची रस्त्यावर पंक्चरची टपरी. तीन शनिवार ती नुसती उभी राहिली आणि बसली. सर पुढच्याकडे वळले. चौथ्या शनिवारी ती उभी राहिली, बाकाला धरून, आणि म्हणाली, "मिथिंक्स आय ॲम अफ्रेड." वर्ग हसला. सरांनी हात वर केला, वर्ग गप्प. "आज बठ्ठासमा खरं वाक्य हाई शे," ते म्हणाले. त्यानंतर ती पोरगी दर शनिवारी पहिला हात वर करू लागली. मी अठरा वर्षं शिकवतेय, माझ्या तासाला कुणाची भीती अशी गेलेली मला आठवत नाही. मला सरांचा थोडा हेवाच वाटला.

"पण सर," मी विचारलं, "ही पोरं परीक्षेत हे लिहितील हो."

"नाही लिहिणार. मी दर वर्षी बजावून सांगतो. पेपरात 'आय थिंक' लिहायचं, गुमान. लग्नातलं पातळ नेसून कपाशी वेचायला कोणी जात नाही."

दर वर्षी पोरं खरंच ऐकत. घोळ झाला तो एका वर्षी.

त्या वर्षी दहावीच्या निरोपाची भरीत पार्टी गावाबाहेरच्या शेतात झाली. पोरांनी वर्गणी काढून सरांसाठी भिंतीवरचं मोठं घड्याळ आणलं होतं. सरांनी कागद सोडलासुद्धा नाही. सरांचा हा जुनाच हट्ट: भेट घ्यायची नाही. "घड्याळ लावाले भीत उरनी नही मना घरमा," ते म्हणाले, "परत दी या आनि त्यानी भजी खा." पोरं हिरमुसली. मी त्यांना बाजूला घेऊन म्हटलं, की एवढं मनाला लावून घेऊ नका, सर असेच आहेत. चौतीस पोरं होती, सोनालीही त्यांतच. ती विहिरीकडे जाऊन बराच वेळ काहीतरी कुजबुजत होती. मला वाटलं, भज्यांचं ठरतंय.

जूनमध्ये निकालाच्या दिवशी गावातले सगळे मोबाइल शाळेच्या ओट्यावर जमले. पहिल्या पोराचा नंबर टाकला: निकाल राखीव. दुसऱ्याचा टाकला: निकाल राखीव. चौतीसच्या चौतीस राखीव. दोन दिवसांनी मंडळाचं पत्र आलं. इंग्रजीच्या पेपरात या शाळेच्या सर्व परीक्षार्थींच्या उत्तरांत एकच अप्रचलित शब्द आढळतो; सबब सामूहिक कॉपीचा संशय; चौकशी समितीसमोर जळगाव येथे हजर राहावे.

मोबाइल वरदान की शाप, यावर मत मांडायचं होतं. चौतीस पोरांनी चौतीस तऱ्हेची मतं मांडली होती आणि प्रत्येकाची सुरुवात मिथिंक्सनं.

मुख्याध्यापकांनी पत्र टेबलावर आपटलं. "बोरसे, तुमच्या त्या एका शब्दानं शाळा बुडवली."

सरांनी पत्र उचलून शेवटपर्यंत वाचलं. वादात कधी माघार न घेणारा माणूस गप्प बसला हे बघून मला धसका बसला. बाहेर पालक जमले होते. त्यांतला एक जण पुढे झाला.

"सर, कोनता शबद लिखा पोरेसनी? शिवी शे का?"

"शिवी नही भाऊ. जुना शबद शे."

"मंग जुना शबदले ह्या लोके इतला काब्रं घाबरतस?"

सोनालीचा बाप मागे उभा होता. त्यानं फक्त एवढंच विचारलं, की धुळ्याच्या पॉलिटेक्निकचे फॉर्म सुटलेत, शेवटची तारीख जवळ आहे, मार्कशीट नसली तर चालतं का. चालत नव्हतं. सर त्याच्याकडे बघत राहिले आणि मग वर्गात निघून गेले. मी मागोमाग गेले. ते रिकाम्या बाकावर बसले होते.

"मी सांगितलं होतं, मॅडम. लिहू नका म्हणून. दोनदा सांगितलं होतं." एवढंच ते पुन्हा पुन्हा म्हणत होते. त्यांना सगळ्यात जास्त लागलं होतं ते हे, की पोरांनी ऐकलं नाही.

सुनावणीच्या दिवशी आम्ही सगळे एसटीनं जळगावला गेलो. उन्हाळा अजून उतरला नव्हता. एका शाळेच्या हॉलमध्ये समिती बसली होती. अध्यक्ष एक निवृत्त मुख्याध्यापिका, पांढऱ्या केसांच्या, मागाहून कळलं की नरडाण्याकडच्या, म्हणजे अहिराणीच्याच मुलखातल्या. त्यांच्या उजवीकडे फाइल घेतलेले एक गृहस्थ, डावीकडे फाइल नसलेले एक गृहस्थ. मुली आहेत म्हणून एक बाई शिक्षक आत असावी असं ठरलं, म्हणून मी मागच्या बाकावर. बोरसे सरांना व्हरांड्यात बसवलं होतं.

पहिला पोरगा आत आला तो भिंतीच्या कडेकडेनं. फाइलवाल्यांनी त्याची उत्तरपत्रिका काढली. "या शब्दाचा अर्थ काय?"

पोरगा आपल्या चपलेकडे बघायला लागला. मी मनातल्या मनात त्याच्या पाठीत एक गुद्दा घातला.

"घाबरू नको बाळा," अध्यक्षबाई म्हणाल्या. "घरी बोलतोस तसं सांग."

"माले वाटस," तो म्हणाला.

बाईंनी चष्मा काढला. "काय म्हणालास?"

"माले वाटस. त्याना अर्थ तोच शे, मॅडम."

बाईंनी चष्मा परत घातला, पण आता त्या नीट पुढे सरकून बसल्या होत्या. "बरं, एक नवं वाक्य कर बघू. इथल्याच कशावर तरी."

पोरानं वर पाहिलं. "मिथिंक्स द फॅन इज टायर्ड."

पंखा खरोखरच कण्हत होता. पुढच्या मुलीनं सांगितलं, की मिथिंक्स यू आर व्हेरी स्ट्रिक्ट, आणि फाइलवाल्यांकडे बघून जीभ चावली. एकानं फाइल नसलेल्या गृहस्थांना उद्देशून, मिथिंक्स यू डू नॉट लाइक धिस वर्क. त्यांनी मान हलवली आणि ते पहिल्यांदा हसले. एका पोरानं खिडकीतून बाहेर बघितलं आणि म्हणाला, "मिथिंक्स माय फादर इज स्टँडिंग इन द सन." बाईंनी शिपायाला हाक मारली आणि पालकांना आत सावलीत बसवायला सांगितलं.

"हे सगळं पाठ करून आलेत," फाइलवाले म्हणाले.

"पंखा थकला, हे कुठल्या गाईडात आहे ते मला दाखवा," बाई म्हणाल्या.

मी मागे बसून बोटं मोजत होते. तेहतीस झाले. सगळं आवरत आलं होतं, आम्ही सुटलो होतो. शेवटचा नंबर सोनालीचा. फाइलवाल्यांनी फाइल मिटली, पण मिटता मिटता एक प्रश्न टाकलाच. "खरं सांग. हा शब्द लिहायचा, असं तुमचं आधी ठरलं होतं का?"

नाही म्हण, पोरी, मी मनात म्हणाले. आयुष्यभर खऱ्याचे मार्क देत आले आणि त्या क्षणी मी देवाकडे एक खोटं मागत होते.

"हो सर," सोनाली म्हणाली.

फाइलवाले पुढे झुकले. फाइल पुन्हा उघडली.

"कोणी ठरवलं? तुमच्या सरांनी?"

"नाही. सर तर नको म्हणत होते. सरांना माहीतच नव्हतं." आणि मग तिची प्रमाण मराठी संपली. "आम्ही ठरावं. आम्हीन, बठ्ठासनी. सर भेट लेत नव्हतात. घड्याळ बी परत दी टाकं. मंग आम्ही ठराव कया, का पेपरमा एक-एक डाव त्यासना शबद लिखसूत. जो पेपर तपासी त्याले समजी जाई, ह्या बोरसे सरना पोरे शेतस."

त्या विहिरीजवळच्या कुजबुजीचा अर्थ मला आता लागला. घड्याळ नाकारलं म्हणून पोरांनी सरांना बोर्डाच्या पेपरात भेट दिली होती, आणि तीही अशी, की सरांना परत करता येऊ नये. मला रडू आलं आणि त्याच वेळी या चौतीसही गाढवांचे कान उपटावेसे वाटले.

अध्यक्षबाईंनी पेन खाली ठेवलं. मग त्या म्हणाल्या, "त्यांना आत बोलवा."

सर आले. बाईंनीच त्यांना सांगितलं, सावकाश, मुलीचेच शब्द वापरून. सर उभेच होते. त्यांनी खिशात हात घातला, रुमाल शोधला असावा. हाताला खडू लागला. त्या हातानं त्यांनी तोंड पुसलं, त्यामुळे गालावर पांढरा पट्टा उमटला आणि तो पुसायचं भान कुणालाच राहिलं नाही. सोनालीकडे वळून ते एवढंच म्हणाले, "येडी पोर."

"कॉपी नाही, हे माझ्यापुरतं स्पष्ट आहे," बाई म्हणाल्या. "पण ठरवून एकच खूण उत्तरपत्रिकेत केली, हे हिनं स्वतः सांगितलंय. ते मला खोडता येत नाही. फाइल बंद करायची तर फाइलमध्ये काहीतरी लागतं."

काहीतरी म्हणजे हमीपत्र. फाइलवाल्यांनी सांगितलं आणि सरांनी आपल्या हातानं लिहिलं: सदर शब्द मी यापुढे वर्गात वा वर्गाबाहेर शिकवणार नाही, वापरणार नाही व वापरण्यास उत्तेजन देणार नाही. 'वर्गाबाहेर' आलं तेव्हा मी मागून खाकरले. सर भांडतील, अशी माझी खात्री होती. बूट घालायला ज्यांनी लेखी नकार दिला, ते हे कसं लिहून देतील? सरांनी पेन थांबवून फक्त एक विचारलं.

"हे दिलं की निकाल कधी?"

"आठवड्यात."

त्यांनी सही केली, खाली तारीख घातली, कागद नीट सरळ करून पुढे ठेवला. निघताना अध्यक्षबाई दारापर्यंत आल्या. हळूच म्हणाल्या, "भाऊ, माले भलतं वाईट वाटी राहिनं."

"तुम्हले वाटनं ना ताई, बस झायं," सर म्हणाले.

परतीच्या गाडीत पोरं गोंधळ घालत होती आणि सर खिडकीशी झोपल्यासारखे बसले होते. मला त्या दिवशी त्यांचा फार अभिमान वाटला आणि फार रागही आला. एका शब्दासाठी आयुष्यभर दुनियेशी हुज्जत घातलेल्या माणसानं तो शब्द अर्ध्या मिनिटात देऊन टाकावा, हे मला पटत नव्हतं. दिला नसता तर मी त्यांचं तोंड पाहिलं नसतं, हेही तितकंच खरं.

निकाल लागला. बत्तीस पास. दोन नापास, ते गणितात, म्हणजे तो दोष माझ्या पदरात. सोनाली धुळ्याला पॉलिटेक्निकला गेली. बापानं टपरीवर पेढे ठेवले होते, पंक्चर काढायला येणाऱ्या प्रत्येकाला आधी पेढा.

सरांची त्यानंतर दोन वर्षं नोकरी राहिली होती. शनिवारच्या तासाला अर्ध्या भिंतीपलीकडून आता धडे वाचल्याचा आवाज येई. नवी पोरं मोठ्या भावंडांकडून ऐकून येत आणि विचारत, "सर, तो शबद शिकाडाना." सर म्हणत, "तो बंद शे. पुढलं पान काढा." फळ्यावर ते 'आय थिंक' लिहीत. माझ्याकडे वळून बोलणं मात्र त्यांनी सोडून दिलं होतं.

ते निवृत्त होऊन दीड-दोन वर्षं झाली असतील. परवा मला ते अमळनेरच्या बसस्थानकावर दिसले. बाकावर बसले होते, मांडीवर भाजीची पिशवी, तीच चप्पल. मी शेजारी बसले. धरणगावची गाडी तासभर उशिरा होती आणि चौकशीच्या खिडकीत कोणी नव्हतं. सोनालीला पुण्याकडे नोकरी लागल्याचं मी त्यांना सांगितलं; त्यांना ते आधीच माहीत होतं.

"काय सर," मी विचारलं, "येईल का हो गाडी?"

त्यांनी रस्त्याकडे पाहिलं. तोंड उघडलं, ओठ जुळले, पहिला 'मि' मला ऐकूसुद्धा आला. आणि ते थांबले. मग म्हणाले, "आय थिंक... येईल."

मला राहवेना. "अहो सर, आता कुणाला भिताय? तुम्ही रिटायर झालात. इथं ना शाळा, ना समिती. तो कागद केव्हाच वाळवीनं खाल्ला असेल. म्हणा की!"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. वर्गात एखाद्या हुशार पोरानं सोपं गणित चुकवलं की मी जशी बघते, तसं.

"मॅडम, सही मी कयी. नोकरीनी नही."

मग पिशवी मांडीवर सरळ करत म्हणाले, "आनि पोरे पास व्हयनात ना?"

"झाली सर."

"मंग."

गाडी आली. ते उठले, आणि गर्दीत धक्के खात, पिशवी डोक्यावर धरून आत शिरले.